साक्षीदार पक्षकार नव्हता

पोलिसातल्या नोकरीतली बरीच प्रकरणं आता धूसर झाली आहेत. डोंबिवलीतल्या एका सोसायटीचं हे प्रकरण मात्र तपशिलासकट लक्षात आहे, कारण त्यातली चूक माझी होती. नावं कोणाचीच देत नाही.

गाडी लावण्यावरून वाद झाला आणि त्याच संध्याकाळी एका रहिवाशाच्या डोक्यात मागून लोखंडी वस्तूचा फटका बसला. माणूस वाचला, पण डाव्या कानाने ऐकू येणं कायमचं गेलं. मारणारा त्याला दिसला नव्हता. सोसायटीत अठ्ठावीस घरं. आम्ही विचारलं तर त्या वेळी प्रत्येक घरात टीव्ही चालू होता. कॅमेरा दुरुस्तीला दिलेला.

तिसऱ्या दिवशी आमच्या एक महिला हवालदार भाजी घेत होत्या. त्या सोसायटीच्या वॉचमनची बायको शेजारी येऊन उभी राहिली आणि मेथीची जुडी उलटीसुलटी करत म्हणाली, "आमच्या ह्यांना विचारा. पण बिल्डिंगमध्ये नका विचारू."

मी वॉचमनला ठाण्यात बोलावलं. पन्नाशी उलटलेले, मूळ मोहन्याचे, कारखान्यातलं काम सुटल्यावर या नोकरीला लागलेले. "जय भीम, साहेब," म्हणून खुर्चीच्या कडेवर बसले. अर्धा तास ते दुसरंच बोलत राहिले: मोटर जळते, त्या दिवशी जमिनीखालच्या टाकीचं झाकण सरकलेलं सापडलं, लोकांना पाण्याची किंमत नाही. घाबरलेला साक्षीदार खोटं बोलतोच असं नाही. बरेचदा तो विषयाच्या कडेकडेने फिरतो. मी घाई केली नाही.

शेवटी म्हणाले, "सांगेन साहेब. पण आम्ही राहतो ती जिन्याखालची खोली सोसायटीचीच आहे. बायकोला घेऊन जाऊ कुठं?"

"काका, मी आहे ना. तुमच्या केसालाही धक्का लागू देणार नाही."

त्यांनी जबाब दिला. सेक्रेटरीच्या मुलाला त्यांनी चाक खोलायच्या पान्याने मारताना पाहिलं होतं. मुलाला अटक केली. पहिला दिवस तो वकिलाशिवाय बोलायला तयार नव्हता. दुसऱ्या दिवशी मी एवढंच विचारलं, की टाकीचं ते जड झाकण एकट्याने उचललंस कसं. तो पटकन म्हणाला, "उचललं नाही, सरकवलं." पंचांसमक्ष टाकीतून पाना निघाला. दोषारोपपत्र कोर्टात गेलं.

सात-आठ महिन्यांनी दोन्ही घरं एकत्र बसली. मुलाला परदेशी नोकरी लागली होती आणि जखमीला रोज त्याच जिन्याने वर जायचं होतं. मिटलं. भांडण त्यांचं, मिटवायचा हक्कही त्यांचा. गुन्हा रद्द करण्यासाठी हायकोर्टात अर्ज झाला. तडजोड स्वखुशीने झाली आहे याची खात्री करून सरकारी वकिलांना लेखी कळवणं, हे माझं काम.

जखमीच्या प्रतिज्ञापत्रात एक ओळ होती: वॉचमनने दिलेल्या चुकीच्या माहितीमुळे गैरसमज होऊन आरोपीचं नाव घेतलं. मी त्या ओळीवर बोट ठेवलं.

आरोपीचे वकील म्हणाले, "अहो साहेब, काहीतरी कारण लिहावं लागतं ना. वॉचमन काय हायकोर्टात वाचायला येतोय?"

मी हसलो आणि पडताळणी केल्याचं लिहून दिलं. न्यायमूर्तींनी जखमीला विचारलं, कोणाचा दबाव नाही ना? तो नाही म्हणाला. वॉचमनला विचारायचा प्रश्नच आला नाही. ते पक्षकार नव्हते. गुन्हा रद्द झाला.

पंधरा दिवसांत सोसायटीने त्यांना कामावरून काढलं आणि खोली खाली करायला लावली. नोटिशीला त्या प्रतिज्ञापत्राची झेरॉक्स जोडली होती. ती घेऊन ते ठाण्यात आले. खोलीबद्दल बोललेच नाहीत.

"साहेब, मी खोटं बोललो असं इथं लिहिलंय. पाना तर तुम्हीच काढला टाकीतून. मी खरं बोललो, एवढं लिहून द्या. दुसरीकडे कामाला दाखवता येईल."

तसं लिहिलं असतं तर मी माझ्याच सहीविरुद्ध गेलो असतो. कोर्टाचा विषय आहे, आता माझ्या हातात काही नाही, असं मी सांगितलं. ते खरं नव्हतं. मी चहा मागवला. चहा यायच्या आत ते उठून गेले.

निवृत्तीनंतर मी त्यांचा पत्ता काढला. ते खडवलीला, नदीकडच्या रस्त्यावर एका बंद बंगल्याची राखण करतात. मी म्हटलं, काका, आता लिहून देतो.

"आता कशाला? इथं कोणी विचारत नाही." मग रस्त्याकडे बघत म्हणाले, "मागच्या महिन्यात त्या वळणावर एका पोरीला जीपने उडवलं. नंबर वाचला मी. पोलीस आले विचारायला. म्हटलं, जेवायला बसलो होतो."

मुलीचं काय झालं, मी विचारलं.

"पाय काढला म्हणतात."

नंबर आठवतो का, असं विचारायला माझी जीभ उचलली नाही. आज इथे एवढंच लिहितो: डोंबिवलीच्या गुन्ह्यात त्यांनी दिलेला जबाब शब्दन् शब्द खरा होता. 'आम्ही काही पाहिलं नाही' म्हणणाऱ्या लोकांवर मी नोकरीभर चिडत आलो. त्यांच्यातला एक तरी मी स्वतः तयार केला आहे.