म्युनिसिपालटीनं बांधलेली नवी चाळ

लढाई चालू होती आणि माझे मालक फौजेत होते. साताऱ्यात म्युनिसिपालटीच्या चाळीत मी आणि सासूबाई राहत होतो. सासरे हयातभर रस्त्यावरचे कंदील लावायचे. ते गेल्यावर सासूबाई म्युनिसिपालटीच्याच दवाखान्यात झाडलोट करू लागल्या, म्हणून खोली आमच्याकडे राहिली.

एके दिवशी म्युनिसिपालटीचा ओव्हरसियर आला. चाळ पाडून तिथंच नळाच्या पाण्याची नवी चाळ बांधायची होती. "तोवर गावाबाहेर माळावर पत्र्याच्या खोल्यांत राहा. बांधून झाली की आधी तुम्हालाच देऊ," तो सगळ्यांसमोर म्हणाला. आम्ही खुशीनं सामान बांधलं. खुशीनं! आठवलं की आजही अंगाचा तिळपापड होतो.

पत्र्याखाली उन्हाळा काढला, पावसाळा काढला. पाणी ओढ्याचं. शेजारणीचं तान्हं हगवणीनं गेलं. नवी चाळ उभी राहिली, आणि तिथं कचेरीतले कारकून राहायला आले.

सासूबाई मला घेऊन कचेरीत गेल्या. "आवं सायेब, आमची खोली कवा देताय?"

ओव्हरसियर मान वर न करता म्हणाला, "बाई, नव्या खोल्यांत नीटनेटकी माणसं हवीत."

"मग तुमचा दवाखाना रोज कोन नीटनेटका करतंय?"

त्यानं शिपायाकरवी आम्हाला बाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी सासूबाईंचं कामही गेलं.

लढाई संपल्यावर मालक आले ते थेट जुन्या जागी. तिथल्या नव्या चाळीतलं दार एका परक्या बाईनं उघडलं. तिनं पाणी दिलं आणि माळाकडं बोट दाखवलं. दिवस कलताना ते वर्दीतच, डोक्यावर ट्रंक घेऊन आमच्या दारात उभे राहिले. सासूबाईंनी भाकरी वाढली, पण मालकांचा हात ताटाकडं जाईना.

"आये, मला का न्हाई कळवलंस?"

"तू तिकडं गोळ्यांत हुबा. त्यात ह्यो घोर कशाला लावायचा?"

सकाळी ते कचेरीत गेले. वर्दी बघून ओव्हरसियर उठला, खुर्ची दिली, चहा मागवला, देशसेवेबद्दल चार शब्द बोलला. खोलीचं विचारल्यावर म्हणाला, "आता नाही जमायचं." मालक चहाला हात न लावता परत आले.

सासूबाई त्याच पत्र्याखाली गेल्या. शेवटच्या उन्हाळ्यात मालक दुपारभर ओलं फडकं हलवत त्यांच्या उशाशी बसायचे. ते बघून मला कचेरीतल्या एकेका माणसाचा संताप यायचा. तो अजून उतरलेला नाही.