डांबरगोळीची दोन वलयं

भोरला मी अकरावी-बारावीच्या पोरांना रसायनशास्त्र शिकवते. पुस्तकात 'बहुवलयी' असं छापलेलं असतं, पोरं 'पॉलीसायक्लिक' म्हणतात, आणि दोन्हींचा अर्थ विचारला की अख्खा वर्ग खिडकीबाहेर बघायला लागतो. मग मी पर्समधून पुडी काढते आणि एक डांबरगोळी पहिल्या बाकावर ठेवते. तास संपायच्या आत शेवटच्या बाकावरचा कुणीतरी शिंकतोच.

"पोहोचली बघा," मी म्हणते. "वितळली नाही, वाहिली नाही, घनाची थेट वाफ झाली आणि तुझ्या नाकात जाऊन बसली."

मग फळ्यावर दोन षटकोन काढते. कार्बनचे अणू एकमेकांना धरून गोल उभे राहिले की वलय होतं. एकाहून जास्त वलयं असली की बहुवलयी. पण इथं मी पोरांना थांबवते. नुसती जवळ असून भागत नाही. वाडीत दोन घरांची मधली भिंत एकच असते ना, तसं पाहिजे. डांबरगोळीत सहा-सहा कार्बनांची दोन वलयं, पण मोजायला गेलात तर बारा भरत नाहीत, दहाच भरतात, कारण मधले दोन कार्बन दोघांच्या मालकीचे. बोळाच्या अल्याड एक घर आणि पल्याड एक, तर ती शेजारी झाली, पण काटेकोर बोलायचं तर बहुवलयी नव्हे. कितीतरी जण सैल बोलतात आणि त्यांनाही बहुवलयी म्हणून मोकळे होतात. माझ्या वर्गात चालत नाही. पोरं मला मागून खडूस म्हणतात ते मला माहीत आहे. म्हणू देत.

आमची वाडी राजगडाच्या पायथ्याशी, गुंजवण्याच्या वरच्या अंगाला. दादा-वहिनी आणि आई तिथंच असतात. थोडी मेंढरं, दोन म्हशी, खाचरात भात. आईच्या खोलीत एक पत्र्याची पेटी आहे. तिच्यात घोंगड्या, तिच्या लग्नातलं लुगडं, आणि आमची, म्हणजे दादाची आणि माझी, लहानपणीची कुंची, टोपरी, दुपटी. लोकरीला कसर लागते म्हणून आई दर पावसाळ्याआधी नसरापूरच्या बाजारातून डांबरगोळ्या आणते आणि मूठमूठभर आत टाकते. ती पेटी उघडली की डोळ्यांत पाणी यायचं. आईला त्याचा केवढा अभिमान! "माझ्या पेटीत कसर घुसून तर दाखवू दे."

वहिनीला दिवस गेले तेव्हा बाळंतपण कुठं करायचं हा प्रश्नच नव्हता. तिची आई ती लहान असतानाच गेलेली, माहेरी करणारं कुणी नाही. आईनं सांगून टाकलं, "हितंच करू. माझी लेकच हाय ती." आणि केलंही तसंच. डिंक काय, हळीव काय, बाजेखाली शेगडी काय. भोरच्या दवाखान्यात मुलगा झाला, धडधाकट, रडणारा. तिसऱ्या दिवशी घरी आणला आणि आईनं पेटी उघडली.

आमच्याकडं तान्ह्याला कोरं कापड घालत नाहीत. बारशापर्यंत जुनंच. ते मऊ असतं हे एक, आणि दुसरं म्हणजे ज्यानं ते आधी घातलं तो जगला-वाचला, शहाणासुरता झाला, म्हणून ते कापड शकुनाचं. आईनं माझीच कुंची त्याच्या डोक्यात घातली. दादाच्या दुपट्यात गुंडाळलं. वरून मऊ घोंगडीचा तुकडा, कारण राजगडाकडनं वारं येतं. धुतलं का नाही? अहो, धुऊनच ठेवलं होतं की पेटीत! परत कशाला धुवायचं?

पाचवीच्या पूजेला मी दुपारच्या एसटीनं गेले. बाजेवर वाकले. लेकरू हळदीसारखं पिवळं होतं. पायाच्या तळव्यांपर्यंत पिवळं. वहिनी म्हणाली, "ताई, सकाळपासून अंगावर ओढत न्हाई. नुसता झोपतोय."

"सगळी ल्येकरं व्हत्यात पिवळी," आई म्हणाली. "कवळं ऊन दाखवलं म्या."

"आई, डोळ्यांतलं पांढरं बघ! ते पण पिवळं झालंय. ऊन कसलं दाखवतेस?" मी ओरडलेच. आमच्या दोघींची भांडणं वाडीला नवीन नाहीत.

"तू लई शिकलीस म्हून आमी काय अडानी? तुमी दोगं ह्याच कुंचीत वाढला न्हवं?"

पण तिचा आवाज लटपटला होता. पूजेचं ताट तसंच राहिलं. दादानं शेजारचा टेम्पो आणला आणि आम्ही नसरापूरच्या पुढं, महामार्गाकडच्या लहान मुलांच्या दवाखान्यात गेलो. आईनं वाटेत बाळाला आणखी एका दुपट्यात गुंडाळलं. वारं लागू नये म्हणून.

डॉक्टरीणबाई भोरच्याच. त्यांच्या वडिलांचं बाजारात अत्तराचं दुकान होतं, मी लहानपणी तिथून सुरम्याच्या डब्या आणलेल्या आठवतात. त्यांनी बाळाला हात लावायच्या आधी दुपटं उचलून नाकाशी नेलं.

"आजी, हे पेटीतलं का?"

"व्हय," आई म्हणाली. तशाही स्थितीत तिची मान जरा ताठ झाली. "लई जपून ठिवल्यात. एक कसर लागू दिली न्हाई."

"डांबरगोळ्या टाकता?"

"मूठभर."

बाईंनी काही बोल लावला नाही. सिस्टरला हाक मारून सगळे कपडे काढायला लावले, बाळाला पुसून घेतलं, रक्त काढलं. मग आम्हाला बसवून सांगितलं. ह्या गोळीची वाफ कापडात मुरते आणि तान्ह्याच्या कातडीतून, श्वासातून रक्तात जाते. बहुतेकांचं काही बिघडत नाही. पण काही बाळांच्या रक्तात तिला तोंड देणारा एक पदार्थ जन्मतःच कमी असतो. मग तांबड्या पेशी फुटायला लागतात, कावीळ चढते. "ती मेंदूत उतरायच्या आत खाली आणायची. निळ्या दिव्याखाली ठेवते. संध्याकाळपर्यंत उतार पडला तर ठीक. नाहीतर पुण्याला हलवून रक्त बदलावं लागेल."

वहिनीनं तोंडाला पदर लावला. आणि मी? माझ्या पर्समध्ये त्या क्षणी ती पुडी होती. मी ती दवाखान्याबाहेर जाऊन कचऱ्याच्या डब्यात टाकली, मग हात धुतले, मग परत धुतले. इतकी वर्षं मी तो रेणू फळ्यावर काढत होते. त्याची ती चिमुकली, शहाणी, एका भिंतीची दोन घरं. ती आमच्या पेटीतून उठून, दिसल्याशिवाय, दादाच्या दुपट्यातून त्याच्याच पोराच्या रक्तात चालत गेली होती. मला राग यायला हवा होता. खरं सांगते, रागाच्या आधी मला त्या रेणूचं भय वाटलं, आणि भयाच्या आत कुठंतरी आपण देवळात उभं असताना वाटतं तसं काहीतरी वाटलं.

बाळाला काचेच्या पेटीत ठेवलं. डोळ्यांवर पट्टी, अंगावर निळा उजेड. आम्ही दोघी काचेच्या ह्या बाजूला. आईनं पदरानं काच पुसली. मग म्हणाली, "ह्यो उजेड काय करतो गं?"

मी शिकवायला लागले. दुसरं काही येत नाही मला. म्हटलं, आपलं रक्त लाल कशानं? आत एक रेणू आहे म्हणून. चार छोटी वलयं, चौकाभोवती चार घरं असावीत तशी, मिळून एक मोठं वलय, आणि मधोमध चौकात लोखंडाचा एक अणू. असली सुरेख बहुवलयी बांधणी विरळाच. पेशी फुटली की तो चौक एका जागी तुटतो. लोखंड निघून जातं. घरं चारच राहतात, पण आता ती बोळात ओळीनं उभी, सामाईक भिंत कुणाचीच नाही. रंग आधी हिरवा होतो, मग पिवळा. मुका मार लागल्यावर आपली कातडी होते ना, तीच गंमत. ते पिवळं म्हणजे कावीळ.

"म्हंजी कडी तुटली की पिवळं."

"हो."

"आन मंग?"

"मग ते पिवळं अंग मुडपून बसतं. पाण्यात विरघळत नाही, म्हणून बाहेर पडत नाही. मोठ्यांचं यकृत त्याला बाहेर काढतं, ह्याचं अजून कच्चं आहे. तिथं हा उजेड मदतीला येतो. उजेड पडला की ते उलगडतं. आणि आई, त्यातल्या काही रेणूंत ओळीतल्या दोन घरांच्या मध्ये एक नवीनच वलय जुळतं. दोन्हीकडच्या भिंती सामाईक. तुटलेलं होतं ते परत बहुवलयी होतं. मग ते वाहून जातं, शी-शूतून."

हे मी पुस्तकात वाचलेलं होतं. पण वाचणं वेगळं. माझ्यासमोर, कापसाच्या बोळ्याएवढ्या त्या छातीत, ते होत होतं. कुणाचा हात नाही, हत्यार नाही. नुसता उजेड कातडीतून आत जात होता आणि आत, मोडक्या रक्तात, वलयं जुळत होती. जो शब्द मी खडूसपणानं घोटून घेत होते, त्याच्या काटेकोर अर्थावर आमचं पोर तगून होतं.

आई काचेला नाक लावून बघत होती. "उजेडाला बी हात असत्यात म्हन की," ती म्हणाली.

संध्याकाळी दिवेलागणीला सिस्टर काविळीचा आकडा घेऊन आल्या. उतार पडला होता. थोडाच, पण पडला होता. पुण्याला न्यायची गरज नव्हती. वहिनी हमसून हमसून रडली आणि दादा उगाचच बाहेर जाऊन टेम्पोची काच पुसत बसला.

पुढं तपासणीचा निकाल आला तेव्हा बाईंनी समजावून सांगितलं, की रक्तातली ही उणीव आईकडून मुलाकडं येते. कुणाचा दोष नाही, ह्यापुढं काही औषधं आणि ह्या डांबरगोळ्या टाळायच्या, एवढंच. पण वहिनीची मान खाली गेली. तिच्या आईचं घरात एक छायाचित्रसुद्धा नव्हतं. आणि आता त्या आईकडून तिच्यात, तिच्यातून बाळात आलेलं निघालं ते हे. आमच्या वाडीत असल्या गोष्टीवर सुनेला जन्मभर ऐकवणाऱ्या सासवा मी पाहिल्यात. मी आईकडं बघितलं.

आई उसळली. "ह्या पोरीच्या रगताला कुनी नाव ठिवायचं न्हाई! तिच्या मेल्या आईला तर न्हाईच न्हाई. प्येटी माझी, गोळ्या माझ्या, गुंडाळला म्या."

बाई म्हणाल्या, "आजी, तुमचाही दोष नाही. तुम्हाला कसं कळणार?" आईनं ऐकलं की नाही कोण जाणे. त्याच दिवशी ती एकटीच एसटीनं पुढं वाडीला निघून गेली.

दुसऱ्या दिवशी बाळाला घेऊन आम्ही घरी पोहोचलो तेव्हा ऊन चांगलं वर आलं होतं. पेटी गोठ्यापलीकडं, लांब, झाकण उघडं टाकून ठेवलेली. कुंपणावर घोंगड्या, लुगडी, झाडून सगळं वाळत घातलेलं. तिचं लग्नातलं लुगडंसुद्धा उकळलेलं, रंग पार उतरलेला. तिची वाकळ, तिची उशी, तीही उन्हात. खोली शेणानं सारवलेली. आई दारात भाकरतुकडा घेऊन उभी होती. तिनं तो हात लांब करून, लांबूनच ओवाळला, टाकला, आणि मागं सरकली. हात पाठीशी.

"आत्या, घ्या की त्याला," वहिनी आईला म्हणाली.

"नगं. ऱ्हाऊ दे तुझ्यापाशीच."

"अवो, असं काय करताय?"

"आगं, जलम गेला माझा त्या प्येटीपाशी झोपून," आई म्हणाली. "कापडं उकळली म्या. अंगाला काय करू?"

जिनं कधी कुणाचं ऐकलं नाही, ती आमची आई खाली जमिनीकडं बघत होती. मग माझ्याकडं वळली आणि लहान पोरीनं पुढं यावं तशी येऊन उभी राहिली.

"तुला कळतो त्यो वास. तू शिकवतीस ना. हुंग मला आधी."

मी तिच्या खांद्यावर नाक ठेवलं. चुलीचा धूर होता, मेंढरं होती, रिठ्याचा वास होता आणि ऊन होतं. मी गळ्याशी हुंगलं, केसांत हुंगलं, तिचे दोन्ही तळवे उघडून हुंगले.

"काही नाही आई," मी म्हटलं. "काही नाही."

"नीट बघ."

"बघितलं नीट."

तेव्हा कुठं तिनं हात पुढं केले.