हबीब पेंटरने पुसलेला बोर्ड

माझा नातू पुण्यात कॉम्प्युटरवरच्या खेळांच्या जाहिराती करतो. खेळ दुसरे लोक बनवतात. तो लोकांपुढे कसा मांडायचा, कुठलं चित्र लावायचं, फिल्म कशी काढायची, हे ठरवणाऱ्यांचा हा मुख्य. गेल्या दिवाळीत त्याने मला हे सगळं समजावलं आणि म्हणाला, "आबा, तुमच्या काळात असलं काम नव्हतं." मी म्हटलं, होतं. धुळ्यात होतं, आणि ते करणाऱ्याला घेऊन फिरणारा टांगा माझा होता. त्याला बसची घाई होती, म्हणून लिहून ठेवतो.

हबीब शेख त्याचं नाव. वडील लाकडाच्या वखारीत हमाल. हा सातवीतून शाळा सोडून एका पेंटरकडे रंग कालवायला लागला आणि १९८० सालापर्यंत धुळ्यातल्या दोन टॉकीजची सगळी जाहिरात एकट्याच्या अंगावर घेऊन बसला. बोर्ड तो रंगवी, मध्यंतरात पडद्यावर पडणाऱ्या काचेच्या स्लाइडी तो करी, आणि शुक्रवारी सकाळी माझ्या टांग्याला भोंगा बांधून गावभर पुकाराही तोच करी. माझी घोडी इतकी सरावली होती की प्रत्येक चौकात आपणहून थांबायची आणि हबीबचं बोलणं संपलं की आपणहून निघायची. त्याला मध्येच खोकला आला तर ती वळून बघायची.

त्याचा एक नियम होता. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय ब्रश उचलायचा नाही. पिच्चरची पेटी एसटीने आली की मशीनवाल्याच्या खोलीत उभं राहून दोन-तीन रिळं बघायचा, मग रंग कालवायचा. पुकाराही तसाच. "पहिला भाग जरा धीरानं बघा, खरी मजा मध्यंतरानंतर आहे." एका पिच्चरला तर म्हणाला, "मी बघितला. गाणी चांगली आहेत. बाकी तुमची मर्जी." टॉकीजचा मॅनेजर पायरीवर उभा राहून कपाळ चोळत होता. पण त्या आठवड्यात गाण्यांसाठी लोक आले, आणि खेड्यापाड्यांत एक बोलणं पसरलं की हबीब सांगतो ते असतं. पंधरा-वीस मैलांवरून माणसं बैलगाडी जुंपून यायची ती त्या आवाजावर. ही एवढीच त्याची मिळकत.

१९९१ साली आग्रा रोडला रतिलाल शेठने व्हिडिओ गेमचं दुकान काढायचं ठरवलं. शेठचा मूळ धंदा भांड्यांचा. मुंबईला मेव्हण्याकडे त्यांनी ती मशीन पाहिली होती आणि धुळ्यातलं पहिलं दुकान आपलंच व्हावं म्हणून ते घाईला आले होते. मशीन अजून मुंबईहून निघायची होती आणि उद्घाटनाची पत्रिका छापून झाली होती.

"बोर्ड मोठा पाहिजे हबीबभाई. बसमधून उतरणाऱ्याला लांबून दिसला पाहिजे."

"मशीनमध्ये असतं काय, शेठ?"

"असतं हो. शर्यत, मारामारी. आपण बसून सगळं चालवायचं. तुम्हाला काय, तुम्ही चित्र काढा."

"बघितल्याशिवाय कसं काढू?"

"बघाल नंतर. पत्रिका वाटल्या मी."

हबीब दोन दिवस रिकाम्या पत्र्यापुढे बसून राहिला. तिसऱ्या दिवशी त्याने नियम मोडला. आपणच सगळं चालवायचं, हे शेठचं वाक्य त्याच्या डोक्यात बसलं होतं. आपल्याकडच्या माणसाला एकदा तरी स्वतः करावंसं वाटतं, पण करता येत नाही, असं काय? त्याला बारागाड्या आठवल्या. खानदेशाबाहेरच्या वाचकासाठी सांगतो. जत्रेत बारा बैलगाड्या एकीमागे एक बांधतात, वर माणसं खच्चून भरतात, आणि भगत कंबरेला दोर बांधून त्या ओढतो. दोन बाजूंना आधाराला दोघे असतात, त्यांना बगले म्हणतात. ओढायचा मान एकाच घराचा. बाकी गाव बघतं.

तो बोर्ड मी विसरणार नाही. भंडाऱ्याने पिवळा झालेला भगत, ताणलेल्या पोटऱ्या, मागे बारा गाड्या लहान लहान होत गेलेल्या. खाली अक्षरं: 'आता बारागाड्या तुम्ही ओढा.' बाजाराच्या दिवशी, खेड्यांतली माणसं गावात असताना, टांग्यातून पुकाराही तसाच केला. मी म्हटलं, "हबीबभाई, मशीनमध्ये बारागाड्या असतील?" तो म्हणाला, "मोतीभाऊ, मुंबईवाल्यांनी सगळं घातलंय म्हणतात." माझी नजर चुकवून म्हणाला. एवढं मला तेव्हा कळलं होतं आणि मी घोडी हाकली, हेही लिहिलं पाहिजे.

दुकान उघडलं. पोरांची झुंबड. चौथ्या दिवशी दुपारी साक्रीकडच्या बसमधून एक जोडपं उतरलं. म्हाताऱ्याचा उजवा पाय गुडघ्यापासून वाकडा. हातात कापडी पिशवी. बायको ताईबाई त्याचा दंड धरून. नाव सुकदेव. गावात वीस वर्षं बारागाड्या त्याने ओढल्या होत्या. मग एका वर्षी दोर तुटला, पाय पहिल्या गाडीच्या चाकाखाली गेला आणि मान पुतण्याकडे, वनाकडे गेला. तेव्हापासून जत्रेच्या दिवशी सुकदेव आबा घराचं दार लावून आत बसायचे.

शेठने त्यांना मशीनपुढे उभं केलं. काचेवर लाल मोटार धावायला लागली, कुठल्या तरी परदेशी रस्त्यावर. आबांनी ती नीट बघितली. मग विचारलं, "आठे बारागाड्या कोठे शेतस?"

"हेच ते आबा. शर्यत."

"हाई त मोटार शे."

मागच्या पोरांतला एक जण हसला. आबांनी पिशवी उघडली होती, ती परत बंद केली. आत पिवळा पडलेला कंबरपट्टा होता आणि दोराचं वेटोळं. हबीब दारातच उभा होता. आबांनी त्याला आवाजावरून ओळखलं, कारण तो "आबा, बसा" एवढंच बोलला होता.

"तू हबीब ना? तुना आवाज आयकीसन उनूत आम्ही."

आवाज ऐकून आलो, एवढंच. त्यात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं, असं हबीब मला पुढे अनेकदा म्हणाला.

त्याच दिवशी तो चुन्याची बादली घेऊन शिडीवर चढला आणि सगळा बोर्ड पुसला. आधी अक्षरं, मग गाड्या, शेवटी भगत. शेठ खालून ओरडत होते, "अहो, त्याच्यावर तर गर्दी आहे माझी." पांढऱ्या पत्र्यावर हबीबने लिहिलं: 'बारागाड्या नाहीत. चूक माझी. हबीब पेंटर.' गंमत अशी की तो पांढरा बोर्ड बघायला आणखी लोक आले आणि आले म्हणून खेळूनही गेले. शेठनी ओरडणं थांबवून गल्ला उघडला. हबीबला त्याचं काही वाटलं नाही. शिडीवरून उतरताच तो बसस्टँडवर, परतीच्या बसची वाट बघणाऱ्या आबांपुढे जाऊन उभा राहिला होता.

"आबा, बोर्डावर लिहिलं ते मी करून दाखवीन. याच दुकानात. थोडा वेळ द्या."

आबा म्हणाले, "दख भाऊ. मी काय, घरच शे."

आता करायचं कसं? जळगावला गिरधर नावाचा लग्नाची व्हिडिओ शूटिंग करणारा होता. हबीबने त्याला गाठलं. अडचण अशी की आबांच्या गावची जत्रा आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आणि आखाजीचा मुहूर्त म्हणजे घरोघर लग्नं. गिरधर कसाबसा तासभर येऊन गेला. त्याने लग्नासारखंच काढलं. समोर उभा राहिला, सगळ्यांचे चेहरे घेतले, सरपंचाचा दोनदा घेतला. ती कॅसेट आबांना दाखवली. आबा शेवटपर्यंत बघून म्हणाले, "चांगलं शे. पन हाई दखनारासनं शे. वढनाराले आसं दिसस नही."

बघणाऱ्याचं काढलं होतं, ओढणाऱ्याचं नाही. हबीबने कान पकडले. मग तो गिरधरकडे कामाला राहिला. वयाच्या चाळिशीत, बोर्ड सोडून. सबंध लग्नसराई दिवे धर, वायरी गुंडाळ. त्याची बायको, सितारा वहिनी, मला म्हणाल्या, "मोतीभाऊ, याला विचारा, नवरदेव बघायला जातो की स्वतःचं दुसरं लग्न बघतोय?" तो हसत वायरी गुंडाळत राहिला. पगाराऐवजी त्याने एकच गोष्ट मागून घेतली होती: पुढच्या आखाजीला कॅमेरा माझा.

१९९३ची आखाजी. ऊन असं की भोंग्याच्या पत्र्याला हात लागेना. हबीबने ठरवलं होतं की भगताच्या पुढ्यात, त्याच्याच पावलाने चालायचं, म्हणजे भगताला दिसतं तेच कॅमेऱ्याला दिसेल. पण भगताच्या पुढे कोणी चालायचं नसतं. चार जण आडवे आले. तेवढ्यात ताईबाई गर्दीतून पुढे आल्या.

"त्यास्नी सांगेल शे, हबीबले आडवू नका."

बंद दारामागून आबांनी धाडलेला निरोप. गाव बाजूला झालं. हबीबने चपला काढून माझ्याकडे दिल्या. वना दोर बांधता बांधता म्हणाला, "भाई, मना पाय तुना पायवर पडना त मी थांबनार नही."

"थांबू नको," हबीब म्हणाला.

दोनशे पावलं असतील. खांद्यावर कॅमेऱ्याचं ते धूड, तापलेली माती, पाठीवर वनाचा श्वास. गर्दी फाटत जाते, भंडारा उडतो, पुढे फक्त रिकामी वाट. शेवटच्या टप्प्यात हबीब एकदा वळला आणि उलटा चालत त्याने मागच्या गाड्या घेतल्या. भगताने ओढताना मागे बघायचं नसतं. हबीबला वाटलं, वीस वर्षं ज्याने ओढलं त्याने आपण काय ओढलं ते कधी बघितलंच नाही. ते आपण दाखवू. त्याच्या तळव्यांना आलेले फोड मी स्वतः चुन्याच्या निवळीने धुतले.

आठ दिवसांनी सकाळी दुकान उघडायच्या आधी आबा आणि ताईबाई आले. रतिलाल शेठनी सगळ्या मशीन बंद ठेवल्या होत्या. त्या दुकानात एवढी शांतता मी आधी ऐकली नव्हती. टीव्ही मांडला, व्हीसीआर जोडला. आबांनी पिशवीतून पट्टा काढून कंबरेला बांधला, दोराचं टोक माझ्या हातात दिलं. "धरजो," म्हणाले. खुर्ची नको म्हणाले.

कॅसेट सुरू झाली. वाट दिसली. आबांनी चांगला पाय पुढे रोवला आणि दोर ताणला. मी मागे दोन्ही पाय भिंतीला टेकवून धरला होता, तरी सरकलो. साठीच्या पुढचं, मोडकं माणूस, पण दोरातून जे येत होतं ते मोडकं नव्हतं. पाऊल टाकलं नाही त्यांनी, जागेवरच वाकले, आणि पडद्यावरची गर्दी त्यांच्यासाठी बाजूला होत राहिली.

मग चित्र मागच्या गाड्यांकडे वळलं. आबांनी डोळे मिटून घेतले.

हबीब बटण दाबायला पुढे झाला. ताईबाईंनी त्याला हाताने थांबवलं आणि नवऱ्याच्या कानाशी गेल्या.

"तुम्ही दखू नका. मी सांगस. बठ्ठ्या गाड्या भरेल शेतस. बायका बी शेतस. तो शेजारना झुलाल उभा शे, त्यानी टोपी पडनी. शेवटली गाडी डुली राहिनी."

"बारा शेतस ना?"

"बारा शेतस."

"मंग ठीक शे," आबा म्हणाले. डोळे मिटलेलेच. दोर मात्र कॅसेट संपेपर्यंत माझ्या हातात तसाच ताठ होता.

पट्टा सोडताना ते हबीबला म्हणाले, "तुना बोर्ड खरा व्हयना. आते परत रंगाडी टाक." शेठनी लगेच शिडी आणायला माणूस धाडला. हबीब म्हणाला, "नको शेठ. मशीनमध्ये अजून मोटारच आहे."

पुढे त्याने जळगावला केबलवर दुकानांच्या जाहिराती केल्या, अहिराणीत दोन लहान पिच्चर काढले. प्रत्येक वेळी आधी शूटिंग, मग बोर्ड. ती कॅसेट त्याने आबांना देऊन टाकली. त्यांच्या घरी टीव्ही नव्हता. ताईबाईंनी ती कंबरपट्ट्यासोबत त्याच पिशवीत ठेवली. आणि पुढच्या आखाजीला वना दोर बांधत होता तेव्हा सुकदेव आबा दार उघडून ओट्यावर येऊन बसले. गाड्या समोरून गेल्या तेव्हा ते वाटेकडे बघत होते, पुढे, जिकडे वना बघत होता तिकडे.