कपाटातली चिमणी

मला कपाटात उभं केलं होतं.

साड्यांच्या कपाटात. मस्कतच्या मदिनत सुलतान काबूस या श्रीमंत वस्तीतल्या एका व्हिलाच्या वरच्या मजल्यावर. कपड्यांमध्ये आवाज घुमत नाही, रेकॉर्डिंग स्वच्छ होतं, असं मॅडमचं म्हणणं. एका हातात माइक, दुसऱ्या हातात कागद, चारी बाजूंनी पैठण्या. एसीची घरघर येते म्हणून एसीही बंद. मस्कतचा सप्टेंबर. घाम कानामागून वाहत होता आणि मी चिमणीचे संवाद म्हणत होते.

"'हाय' नाही, 'आहे'. परत," बाहेरून मॅडम.

परत.

"'नाय' काय गं? 'नाही'. परत."

परत. कितव्यांदा कोण जाणे, पण शेवटी मॅडमनी दार उघडलं. हसल्या. म्हणाल्या, "कमाल आहे हं! तुमच्यात असूनसुद्धा किती शुद्ध बोलतेस!"

मला काय वाटलं सांगू? आनंद झाला. अपमान कळायलाही अक्कल लागते आणि तेरा वर्षांच्या मला ती नव्हती. मी लाजून "थँक्यू, मॅडम" म्हटलं. आजही ते आठवलं की तोंड लपवावंसं वाटतं.

मॅडम म्हणजे सानिकाची आई. इथल्या मराठी मंडळाची बालनाट्यं त्याच बसवायच्या. सानिका माझ्या वर्गात. तिचे बाबा कंपनीतले मोठे साहेब, माझे अब्बा त्याच कंपनीच्या अझैब्यातल्या गॅरेजात फोरमन. वर्गातल्या बाकीच्या मुली सानिकाच्या आईला काकू म्हणायच्या. मी मॅडम. मला कुणी शिकवलं नव्हतं. अब्बा म्हणायचे, म्हणून मीही.

आमच्या मंडळात मुलांची नाटकं ट्रॅकवर व्हायची. इथली मुलं आपसात इंग्लिश बोलतात, स्टेजवर मराठी वाक्य आलं की अडखळतात. म्हणून संवाद, गाणी सगळं आधी रेकॉर्ड करायचं आणि स्टेजवर नुसते ओठ हलवायचे. नियम एकच होता: ज्याचा चेहरा त्याचाच आवाज. त्या वर्षीच्या नाटकात एक चिमणी होती. घरटं मोडणाऱ्या राजाला भर दरबारात जाब विचारणारी. ती सानिकाला व्हायचं होतं आणि सानिकाला धड 'घरटं' म्हणता येत नव्हतं. मी सहावीपर्यंत रत्नागिरीकडच्या गावात मराठी शाळेत शिकलेली, मग अम्मीबरोबर इथे अब्बांकडे आलेली. गळाही बरा. मग काय, आयत्या पिठावर रेघोट्या.

"कुणाला बोलायचं नाही हं," मॅडमनी बजावलं होतं. मी घरीसुद्धा बोलले नाही. सानिकाकडे अभ्यासाला जाते, एवढंच सांगितलं. उलट अल अमेरातमधल्या आमच्या दोन खोल्यांत मी अब्बांनाच सुधारायला लागले. ते "जेवलीस काय गो?" म्हणाले की मी म्हणायची, "'गो' नाही अब्बा, 'गं'." ते हसायचे. त्यांच्या नखांत गॅरेजचं ऑइल बसलेलं, कितीही घासा, जायचं नाही. त्या नखांची मला जेवढी लाज वाटायची, तेवढीच त्यांच्या बोलण्याची.

नाटकाच्या दिवशी पुठ्ठ्याचा राजवाडा पिकअपमधून आणायचं काम अब्बांकडे होतं. राजवाडा उतरवून ते शेवटच्या रांगेत बसले. मी विंगेत, पाणी देणाऱ्या मुलींमध्ये.

चिमणी बोलायला लागली. माझा आवाज. केवढ्या मोठ्या स्पीकरमधून! राजाला विचारत होता, माझं घरटं कुणी मोडलं? हॉल चिडीचूप. मग गाणं. मग टाळ्या, टाळ्या, टाळ्या. सानिका वाकून नमस्कार करत होती आणि विंगेत माझे ओठ आपोआप हलत होते. शेवटी पाहुण्यांनी बक्षीस जाहीर केलं, स्पष्ट आणि शुद्ध उच्चारांसाठी. सानिकाला.

तेवढ्यात शेवटच्या रांगेतून अब्बांचा आवाज. शेजारच्या गृहस्थांना सांगत होते, पण अख्ख्या हॉलला ऐकू गेलं.

"आवाज माज्या पोरीचा हाय तो!"

लोक वळून बघायला लागले. कुणीतरी फिसकन हसलं. मॅडम स्टेजवरून उतरून थेट त्यांच्यापाशी गेल्या. मला हाताने जवळ बोलावलं. गोड आवाजात म्हणाल्या, "भाई, तुमचा गैरसमज होतोय. हवं तर हिलाच विचारा."

अब्बांनी माझ्याकडे बघितलं. त्यांना खात्री होती. चेहऱ्यावर अजून हसू होतं.

"बाय, तूच सांग."

मी त्यांच्या नखांकडे बघितलं. मग लोकांकडे. आणि मॅडमनी घासूनपुसून दिलेल्या स्वच्छ मराठीत म्हणाले, "नाही अब्बा. तो माझा आवाज नाही."

अब्बा खाली बसले. मॅडमनी माझ्या पाठीवर थोपटलं.

परत येताना पिकअपमध्ये, डोंगरातला घाट उतरल्यावर अब्बा एवढंच म्हणाले, "मी तुजा आवाज वळकत नाय काय गो?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कारण माझी सहावी होईपर्यंत अब्बांनी मला वर्षातून एकच महिना बघितलं होतं. उरलेले अकरा महिने मी त्यांच्यासाठी नुसता आवाज होते, दर शुक्रवारी फोनवर येणारा. सर्दी झालीय, मी रडलेय, खोटं बोलतेय, सगळं त्यांना आवाजावरून कळायचं. त्यांच्याजवळ माझं दुसरं काही नव्हतंच. तेवढंच होतं आणि तेच मी चारचौघांत नाकारलं.

पुढचे कित्येक दिवस मी घरात कामापुरतं बोलले. अब्बांनी पुन्हा तो विषय काढला नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं.

मग एक दिवस मधल्या सुट्टीत सानिकाने टॅबवर तिचं आवडतं जपानी कार्टून दाखवलं. सानिका वाईट नव्हती. तिला सगळं माहीत होतं, म्हणून ती माझ्याशी जरा जास्तच चांगली वागायची.

"हा हीरो आहे ना," ती म्हणाली, "त्याचा व्हॉइस एका लेडीचा आहे."

"आणि लोकांना माहितीये?"

"ऑफकोर्स! शी इज सो फेमस. एंडला नेम येतं ना तिचं."

सानिकाला त्या बाईची सगळी माहिती तोंडपाठ होती. ती बाई आधी दुकानात काम करायची. कार्टूनमध्ये नुसत्या गर्दीचे आवाज काढायची. मग एका वाक्याच्या भूमिका, मग हा बारा वर्षांचा हीरो, मग त्याचीच गाणी आणि नंतर स्वतःच्या नावाची गाणी. सानिकाने एक व्हिडिओ लावला. भलामोठा हॉल, हजारो माणसं. पडद्यावर तो मुलगा बोलत होता आणि पडद्यासमोर, लख्ख उजेडात, ती उभी होती. साधी, ठेंगणी बाई. लोक तिच्या नावाने ओरडत होते.

आवाजाला चेहरा असू शकतो. मला हे माहीतच नव्हतं.

घरी जाऊन मी अब्बांच्या फोनवर तिची जुनी कार्टून शोधली. गर्दीतल्या आवाजांची यादी भराभर वर सरकायची. मला जपानी अक्षर वाचता येत नव्हतं. तरी सानिकाने दाखवलेल्या तिच्या नावाच्या अक्षरांशी ताडत, थांबवून थांबवून बघितलं. तळाशी का होईना, ती होती. एका वाक्यासाठीसुद्धा तिचं नाव होतं. आणि मी अख्खं नाटक बोलून वर स्वतःच्या तोंडाने 'माझा नाही' म्हटलं होतं. त्या दिवशी मॅडमचा जेवढा राग आला, त्याहून जास्त स्वतःची किळस आली.

पुढच्या वर्षी पुन्हा बोलावणं आलं. नवं नाटक. तेच कपाट. मॅडमनी साड्या बाजूला सारल्या. "यल्ला, चल, हो आत."

मी दारात उभी राहिले.

"स्टेजवर कोण आहे?"

"सानिका. का गं?"

"मग आवाज पण सानिकाचाच घ्या. माझा हवा असेल तर स्टेजवर मी उभी राहीन."

मॅडम हसल्या. मग हसायच्या थांबल्या. "तू? अगं, तुझी जीभ मी वळवली. आणि तुझे अब्बा कुणाकडे काम करतात, ते विसरलीस का?"

"नाय विसरले, काकू," मी म्हणाले. पहिल्यांदाच काकू. "गेल्या वर्षीचा आवाज पन माजाच हुता."

कपाटाचं दार मीच लावलं.

घरी येऊन अब्बांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, "म्हाईत हाय मना." बाकी काही नाही. महिन्याभरात त्यांची बदली शेकडो किलोमीटर दूर, दुकमच्या साइटवर झाली; अम्मी आणि मी मस्कतलाच राहिलो. कारण कुणी दिलं नाही, आम्हीही विचारलं नाही. पुन्हा शुक्रवारचा फोन. पुन्हा मी नुसता आवाज. मी त्यांची माफी अजून मागितलेली नाही. माफी मागून ते 'नाही' परत गिळता येणार नाही.

आज मी आवाजाचंच काम करते. जाहिराती, कार्टून, मिळेल ते. स्टुडिओत गेल्यावर सगळ्यांत आधी कागद मागते. त्यावर माझं नाव लिहून घेते, पूर्ण, मधे अब्बांच्या नावासकट. "एवढ्याशा कामाला नाव कशाला?" असं विचारणारे भेटतात. कामं जातात. जाऊ देत. ते नाव कागदावर येईपर्यंत मी तोंड उघडत नाही.