सरलं

रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी बाई विंगेत उभ्या राहून पाण्याची गुळणी करायच्या आणि थुंकण्याऐवजी ती गिळून टाकायच्या. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला किळस आली. तसं मी बोललोही. बाई म्हणाल्या, "थुकायला पानी कुठं हाय, अप्पा?"

खरंच नव्हतं. लातूर नुकताच जिल्हा झाला होता. कचेऱ्यांवर नव्या पाट्या चढल्या होत्या आणि नळ कोरडे पडले होते. तोंडाचा रंग उतरवायला बाईंना अर्धी बादली लागायची. ती मी टँकरवाल्याशी भांडून आणायचो.

नाटकाचे खेळ ठेक्याने घेणं हा माझा धंदा. सुरुवात मांडवातल्या खुर्च्या उचलण्यापासून केली, त्यामुळं पुढं कुणाला एक खुर्ची फुकट दिली नाही. मंडपवाला, ट्रकवाला, थिएटरवाला, सगळ्यांशी घासाघीस. बाईंशी मात्र कधी करावी लागली नाही. त्यांची चांगली खोली दुसऱ्या नटीला गेली, तरी "ऱ्हाऊ द्या." जाहिरातीत नाव खाली घसरलं, तरी "ऱ्हाऊ द्या." असं माणूस तुमच्याही पाहण्यात असेल. आपण त्याच्यासाठी भांडावं आणि त्यानं आपल्यालाच गप्प करावं.

बाई मूळच्या कंधारकडच्या. रंगमंचावर मात्र अशी शुद्ध भाषा बोलायच्या की लोकांना त्या पुण्याच्या वाटायच्या. एकच शब्द दगा द्यायचा. शेवटच्या प्रवेशात नवरा गेल्याची बातमी येते आणि बाईंनी म्हणायचं असतं, "संपलं." तालमीत ते बरोबर यायचं. खेळात डोळ्यांत खरं पाणी आलं की तोंडून निघायचं, "सरलं." उदगीर, अहमदपूर, रेणापूर, कुठंच कुणी हसलं नाही. बायका पदर तोंडाला लावायच्या.

नव्या जिल्ह्याच्या समारंभात आमचा खेळ लागला. एका सिनेमा काढणाऱ्याला मी खटपट करून आणलं आणि पुढच्या रांगेत बसवलं. बाईंना एकदा तरी मोठं काम मिळावं, एवढाच हेतू. शेवटचा प्रवेश आला. बाई म्हणाल्या, "सरलं." बाहेरून बदलून आलेल्या साहेबांच्या खुर्च्या हसल्या. मागं सतरंजीवर बायकांनी पदर तोंडाला लावले होते.

खेळ संपल्यावर सिनेमावाला विंगेत आला. चेहरा हवा म्हणाला, विहिरीवरच्या आईचं काम आहे. आवाज तेवढा दुसऱ्या बाईंचा लावू. मी भडकलो. घ्यायचं तर आवाजासकट घ्या, नाहीतर चालू लागा, असं सुनावलं. तो जागचा हलला नाही. गिऱ्हाईक कधी वाकतं ते मला कळतं. थोडं आणखी ताणलं असतं तर हो म्हणाला असता. तेवढ्यात मागून बाई म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या, अप्पा. तोंड तरी माझंच हाय ना."

आयुष्यात माझे बरेच सौदे फसले. राग फक्त ह्याचाच राहिला.

सिनेमा नांदेडला लागला तेव्हा आम्ही सोबत जाऊन पाहिला. विहिरीतून रिकामा पोहरा वर येतो, आई त्यात पाहते आणि म्हणते, "संपलं." आवाज स्वच्छ, मऊ आणि परका. बाई अंधारात माझ्याकडं झुकल्या. "लई गोड बोलायली, न्हाई?"

त्यानंतर त्यांनी रंग लावला नाही. मी कंधारला खेपा घातल्या, नवं नाटक आहे म्हणून सांगितलं, ओरडलोही. त्या दारात उभ्या राहून चहा द्यायच्या आणि मान हलवायच्या. मग एका खेपेला दाराला कुलूप दिसलं. शेजारणीनं नुसता हात आभाळाकडं केला.

पुढं अहमदपूरकडच्या एका जत्रेत, तंबूत, तोच सिनेमा पाहायला बसलो. मशीन जुनं. मधेच आवाज गेला. लोकांनी शिट्ट्या सुरू केल्या. तंबूवाल्याला दोन शब्द ऐकवावेत म्हणून मी उठलो आणि तसाच उभा राहिलो. पडद्यावर पोहरा वर आला होता. बाईंनी आत पाहिलं.

"संपलं" म्हणताना ओठ एकदा मिटावेच लागतात. म्हणून बघा.

बाईंचे मिटले नाहीत.