हाडांची गोळी आणि दूध

औषधाच्या दुकानदाराने माझ्या बायकोला फसवलं. "हाडांची गोळी आहे वहिनी, दुधाबरोबरच घ्या," म्हणाला. आठवड्याला एकच गोळी असते; वर्षभर दर रविवारी तिने तसंच केलं. परवा चादर पिळताना तिचं मनगट मोडलं. डॉक्टर म्हणाले, "दुधाबरोबर ही गोळी अंगी लागतच नाही. उपाशीपोटी, नुसत्या पाण्याबरोबर घ्यायची."

आता ती डाव्या हाताने कुंकू लावते, ते वाकडं होतं. मी लाकडाचा व्यापारी, फळी ठोकून पोकळ ओळखतो. माणसाचं हाड कसं ठोकणार? तिथे दुसऱ्याच्या शब्दावरच विसंबावं लागतं.

"जाऊ द्या हो, चांगल्या मनाने सांगितलं त्याने," ती म्हणते.

का जाऊ देऊ? ठाऊक नव्हतं, तर तसं का बोलला नाही? उद्या तिला घेऊनच दुकानात जातो. तिच्या प्लास्टरकडे बघून उत्तर दे म्हणावं.