लेन्सच्या शेजारची खुर्ची

गेल्या रविवारी मी शूटिंगला जाऊन आलो... वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी! अजून अंगातला थरार उतरलेला नाही.

माझी जुनी विद्यार्थिनी अनघा डॉक्युमेंटरी करते. मानवी हक्क, आणि साधीसुधी पोरं कडव्या राजकारणाच्या नादी कशी लागतात, हा तिचा विषय. उचगावात जमावानं अल्ताफ मिस्त्रींचं गॅरेज फोडलं, त्या जमावातला सचिन बोलायला तयार झाला होता. तोही माझाच विद्यार्थी.

पण शिवाजी पेठेत त्याच्या घरी कॅमेरा लागला आणि गडी गप्प! दोनदा उठून गेला... तिसऱ्यांदा उठला तर संपलंच. आजवर त्या जमावातल्या एकानंही काही कबूल केलेलं नव्हतं.

मग अनघानं मला लेन्सच्या शेजारी बसवलं. "सर, तो तुमच्याकडं बघून बोलेल. तुम्ही नुसतं बसायचं. एक शब्द नाही हं!" आयुष्यभर मराठी शिकवलेल्या माणसाला हे सांगणं म्हणजे... असो. बसलो.

सचिन माझ्याकडं बघून हसला. "सर, तुमचा कवितेचा तास आठवतोय काय? अख्खा वर्ग एका सुरात म्हणायचा..."

माझी कळीच खुलली! ते दुपारचं ऊन, पत्र्याचं छप्पर, साठ पोरांचा तो आवाज... आहाहा!

"मला कवितेची एक वळ पाठ नसायची. नुसतं तोंड हलवायचो. आवाजात आवाज मिसळला की लई भारी वाटायचं. त्या दिशी बी तसंच झालं. समदी वरडत हुती, मी बी वरडलो. दगड कवा उचलला कळलंच न्हाय."

माझा कवितेचा तास, आणि हे?

त्यानं मान हलवली. "न्हाय सर, खोटं बोललो. कळत हुतं की. मिस्त्री आत हायत ते बी ठावं हुतं. दगड मीच मारला."

आणि माझ्या तोंडून निघून गेलं... "शाब्बास!" चांगलं मोठ्यानं!

अनघानं कपाळावर हात मारला. सचिन मात्र डोळे पुसत म्हणाला, "साळंत धावीपतूर एकदा बी म्हणाला न्हाईसा, आणि आज व्हय?"

निघताना त्यानं अनघाला बजावलं, "लोकांस्नी दावायच्या आधी हे मिस्त्रींना दावा. मी बी येतो."

गुरुवारी आम्ही तिघं जातोय. मिस्त्री काय म्हणतील, दार तरी उघडतील का, कोण जाणे... पण साठ आवाजांतला एक आवाज या वयात मला वेगळा ऐकू आला, याचंच केवढं अप्रूप वाटतंय!